शैक्षणिक भाषेचे अध्यापन

शैक्षणिक भाषेचे अध्यापन म्हणजे शाळेतील विषय ज्या भाषेत शिकविले, वाचले आणि लिहिले जातात ती भाषा, घरी वेगळी भाषा अथवा बोली बोलणाऱ्या विद्यार्थ्यांना जाणीवपूर्वक शिकविणे होय. इंग्रजी माध्यमात शिकणारी परंतु घरी इंग्रजी न बोलणारी मुले हे या अध्यापनाचे जगभर चर्चिले जाणारे क्षेत्र आहे. महाराष्ट्रात हा प्रश्न दुपदरी आहे. मराठीभाषक मुलास इंग्रजी अथवा सेमी-इंग्रजी वर्गात तो भेटतो. कोलामी, गोंडी किंवा गोरमाटी बोलणाऱ्या मुलास तो त्याआधीच, मराठी माध्यमाच्या पहिल्या इयत्तेत भेटतो आणि पुढे इंग्रजीच्या वेळी पुन्हा भेटतो. विदर्भातील यवतमाळ जिल्ह्यात हे सर्व प्रकार एकाच तालुक्यात, कधी एकाच वर्गात आढळतात.

संकल्पना

बोलचालीची भाषा आणि शिक्षणाची भाषा यांतील भेद कॅनडातील शिक्षणतज्ज्ञ जिम कमिन्स यांनी १९७९ मध्ये स्पष्टपणे मांडला. स्थलांतरित कुटुंबांतील मुले साधारणतः दोन वर्षांत मैदानावर, दुकानात, मित्रांत सहज इंग्रजी बोलू लागतात. मात्र वाचन, लेखन व विषयज्ञान यांत इंग्रजीभाषक सवंगड्यांच्या बरोबरीस येण्यास त्यांना पाच ते सात वर्षे लागतात, असे त्यांच्या अभ्यासातून दिसले. मूल फाडफाड बोलते म्हणून त्याला भाषा येते असे गृहीत धरले जाते आणि पुढे ते इतिहासात किंवा विज्ञानात मागे पडले की दोष त्याच्या बुद्धीला दिला जातो. कमिन्स यांचा मुख्य आक्षेप या गफलतीवर होता.

त्यांचे दुसरे प्रतिपादन असे की, विद्यार्थ्याच्या दोन भाषा वरून वेगळ्या दिसल्या तरी त्यांच्या मुळाशी विचार करण्याची एकच क्षमता असते. ज्या मुलाला आपल्या भाषेत तुलना करणे, कारण सांगणे, अनुमान काढणे जमते त्याला दुसऱ्या भाषेत या गोष्टी नव्याने शिकाव्या लागत नाहीत, केवळ त्यांची शब्दयोजना शिकावी लागते. घरची भाषा तोडून शाळेची भाषा लवकर येते, हा सर्वत्र आढळणारा समज या प्रतिपादनाशी विसंगत आहे.

शैक्षणिक भाषा म्हणजे केवळ अवघड शब्द नव्हेत. 'बाष्पीभवन', 'समांतरभुज चौकोन', 'प्रकाशसंश्लेषण' हे शब्द नवखे असतात, म्हणून शिक्षक ते समजावून देतात. खरी अडचण ओळखीच्या शब्दांत दडलेली असते. 'मूळ' हा शब्द झाडाचा म्हणून मुलास ठाऊक असतो. तोच पुढे 'वर्गमूळ' आणि 'मूळ संख्या' यांत वेगवेगळ्या अर्थांनी येतो. 'घात' म्हणजे दगाफटका हे माहीत असलेल्या मुलाला बीजगणितातील 'घात' कोणीतरी सांगावा लागतो. 'काम' आणि भौतिकशास्त्रातील 'कार्य' यांचा भेद तर विनोदी वाटावा असा आहे. डोक्यावर भरलेला हंडा घेऊन सपाट वाटेने मैलभर चालणाऱ्या बाईने गुरुत्वाकर्षणाविरुद्ध केलेले कार्य शून्य, हे विधान मुलाच्या अनुभवाच्या थेट विरुद्ध जाते. इंग्रजीतही 'वर्क', 'पॉवर', 'टेबल' या साध्या शब्दांची गत हीच आहे.

शब्दांपलीकडे वाक्यरचनेचा प्रश्न येतो. कापसाच्या हंगामाविषयी वऱ्हाडी बोलणारा मुलगा सांगेल, "पऱ्हाटीवर अळी पडली, बोंडं सडली, यंदा कापूसच नाही झाला." पाठ्यपुस्तक तेच असे लिहील : "गुलाबी बोंडअळीच्या प्रादुर्भावामुळे कापसाच्या उत्पादनात घट झाली." माहिती दोन्हींत तीच आहे, पहिल्या कथनात तर ती अधिकच आहे. परंतु पाठ्यपुस्तकाच्या वाक्यात 'पडली', 'नाही झाला' या क्रियापदांची 'प्रादुर्भाव', 'घट' अशी नामे झाली, तीन घटना एका वाक्यात बसल्या आणि 'मुळे' या एका शब्दयोगी अव्ययाने कारण व परिणाम जोडले गेले. क्रियेचे नाम करून तिच्याविषयी पुढे बोलणे हा शैक्षणिक गद्याचा कणा आहे. मायकेल हॅलिडे आणि त्यांच्या परंपरेतील ऑस्ट्रेलियातील भाषाभ्यासकांनी इंग्रजीच्या संदर्भात याचा विस्ताराने अभ्यास केला. मराठीलाही तो जसाच्या तसा लागू पडतो.

यवतमाळ जिल्ह्यातील भाषिक स्थिती

यवतमाळ जिल्ह्याची बहुसंख्य भाषा मराठी असून बोलचालीत वऱ्हाडी बोली प्रचलित आहे. केळापूर, झरी जामणी, मारेगाव, राळेगाव, घाटंजी या तालुक्यांत कोलाम आणि गोंड समाजाची वस्ती मोठी आहे. कोलामांच्या वस्तीस 'पोड' म्हणतात. पुसद, दिग्रस, महागाव या बाजूस बंजारा तांडे असून तेथे गोरमाटी बोलली जाते. आदिवासी विकास विभागाची पांढरकवडा आणि पुसद ही दोन प्रकल्प कार्यालये जिल्ह्यात आहेत. दक्षिणेस तेलंगणाची सीमा लागून असल्याने तेलुगूचाही कानाशी परिचय असतो.

कोलामी ही द्राविडी कुळातील भाषा आहे. तिचे सविस्तर व्याकरण मरे एमेनो यांनी वर्धा भागातील भाषकांच्या आधारे लिहिले व ते १९५५ मध्ये प्रसिद्ध झाले. २०११ च्या जनगणनेत कोलामी मातृभाषा म्हणून नोंदविणाऱ्यांची संख्या देशभरात सुमारे १ लाख २८ हजार होती. कोलाम ही महाराष्ट्रातील तीन विशेष असुरक्षित आदिवासी जमातींपैकी एक आहे. कातकरी व माडिया गोंड या अन्य दोन होत. गोंडीही द्राविडी आहे, तर गोरमाटी राजस्थानी बोलींच्या जवळची आर्यभाषा आहे.

वर्गात या कुळभेदाचे परिणाम दिसतात. मराठीत तीन लिंगे आहेत. कोलामीत पुरुषवाचक आणि इतर असे दोनच गट असून स्त्रीवाचक नामे वस्तुवाचक नामांबरोबर जातात. त्यामुळे कोलाम मूल "आई आला" किंवा "आई आले" असे म्हणते तेव्हा ते बेफिकीर नसते; ते आपल्या भाषेचा नियम मराठीस लावत असते. महाप्राण व्यंजनांबाबतही असेच आहे : 'ख', 'घ', 'ध', 'भ' हे ध्वनी मूळ द्राविडी ध्वनिव्यवस्थेत नसल्याने लेखनात 'भात' चा 'बात' होतो. वहीवरील लाल शाईच्या खुणांना शुद्धलेखनाची चूक आणि भाषांतराची पायरी यांतील फरक कळत नाही. तो शिक्षकाला कळावा लागतो, आणि त्यासाठी मुलाच्या भाषेची निदान तोंडओळख असणे आवश्यक असते.

इंग्रजीचा प्रवेश

इंग्रजी की देशभाषा हा वाद महाराष्ट्रात जुना आहे. १८३२ साली बाळशास्त्री जांभेकरांनी 'दर्पण' सुरू केले तेव्हा त्यात मराठी व इंग्रजी मजकूर शेजारशेजारच्या स्तंभांत छापला जात असे. १८४० च्या दशकात मुंबईच्या शिक्षण मंडळात अर्स्किन पेरी यांनी इंग्रजीचा, तर कर्नल जर्व्हिस व जगन्नाथ शंकरशेट यांनी देशभाषांचा पक्ष घेतला. १८५४ च्या वुड यांच्या खलित्याने दोन्हींना आपापली जागा नेमून दिली, ती बऱ्याच अंशी आजही टिकून आहे : प्रारंभी देशभाषा, वर इंग्रजी.

या काळात मराठीलाही शैक्षणिक भाषा घडवावी लागली, ही बाब सहसा विसरली जाते. भूगोल, गणित, पदार्थविज्ञान यांची मराठी गद्यपुस्तके एकोणिसाव्या शतकात तयार झाली. परिभाषा संस्कृतावरून बेतली गेली. आज मराठी माध्यमातील पुस्तकाची भाषा खेड्यातील मराठीभाषक मुलासही परकी वाटते, याचे एक कारण या घडणीत आहे.

महाराष्ट्र शासनाने २००० सालापासून सर्व शाळांत पहिलीपासून इंग्रजी हा विषय सुरू केला. याखेरीज गणित व विज्ञान इंग्रजीतून आणि उर्वरित विषय मराठीतून शिकविण्याची सेमी-इंग्रजी पद्धत रूढ झाली व जिल्हा परिषदेच्या अनेक शाळांनी पटसंख्या टिकविण्यासाठी ती स्वीकारली. अनुसूचित जमातींच्या मुलांना शहरांतील नामांकित इंग्रजी माध्यमाच्या निवासी शाळांत प्रवेश देण्याची योजना राज्यात २०१०-११ पासून राबविली जाते. केंद्र शासनाच्या एकलव्य आदर्श निवासी शाळाही आहेत.

या योजनांमागील हेतूविषयी शंका घेण्याचे कारण नाही. पालकांची ओढही खरी आहे. इंग्रजी येणाऱ्याला दारे उघडतात हे पोडावरच्या बापालाही ठाऊक असते. मात्र सहा वर्षांचे कोलाम मूल अशा शाळेत जाते तेव्हा वर्गात इंग्रजी, वसतिगृहात मराठी आणि सुट्टीत घरी कोलामी असा त्याचा संसार होतो. पैकी कोणत्याही भाषेत लिहिण्या-वाचण्याची क्षमता पक्की होण्याआधीच पुढची भाषा येते. कमिन्स यांचा पाच ते सात वर्षांचा हिशेब येथे लावला तर ते मूल सातवी-आठवीपर्यंत अभ्यासाच्या भाषेशी झगडतच असणार, आणि त्या काळात शिकविला गेलेला गणित-विज्ञानाचा पाया त्याला अर्धवट समजलेला असणार. सेमी-इंग्रजीत वेगळीच गंमत होते : विद्यार्थ्यास 'फोटोसिंथेसिस' येते, 'प्रकाशसंश्लेषण' येत नाही, आणि शेतीवरील मराठी पाठात पानांच्या कार्याविषयी लिहावयाचे झाल्यास तो अडतो.

संख्यावाचनाचा वाद

शैक्षणिक भाषेचा प्रश्न महाराष्ट्रात सार्वजनिक चर्चेस आला तो २०१९ च्या जून महिन्यात. बालभारतीच्या इयत्ता दुसरीच्या गणिताच्या नव्या पुस्तकात २१ ही संख्या 'एकवीस' बरोबरच 'वीस एक' अशीही वाचण्याची पद्धत दिली होती. मराठीत एकक आधी बोलला जातो व दशक नंतर. लिहिताना मात्र दशक आधी येतो. 'बावन्न' ऐकून मूल २५ लिहिते, यामागे हा उलटा क्रम आहे. त्यातच एकवीस ते नव्याण्णव यांतील बहुतेक नावे स्वतंत्रपणे पाठ करावी लागतात. इंग्रजी, तेलुगू आदी भाषांत दशक आधी उच्चारला जातो. गणित समितीच्या प्रमुख डॉ. मंगला नारळीकर यांनी ही नवी पद्धत जुनीच्या जोडीने व मुलांच्या सोयीसाठी असल्याचे सांगितले. तरीही मराठीची मोडतोड होत असल्याची टीका झाली, समाजमाध्यमांवर थट्टा झाली व विधिमंडळातही हा विषय गाजला. ज्यांची मुले घरीच 'सत्त्याण्णव', 'एकोणसाठ' ऐकत वाढतात त्यांना या बदलाची गरज वाटली नाही, हे स्वाभाविक होते; ज्या घरांत ही नावे कधी उच्चारलीच जात नाहीत त्या घरांतून या चर्चेत फारसे कोणी बोलले नाही.

अध्यापनाच्या पद्धती

जेरोम ब्रूनर व त्यांच्या सहकाऱ्यांनी १९७६ मध्ये शिक्षकाच्या तात्पुरत्या आधारास परांचीची उपमा दिली. भिंत उभी राहीपर्यंत गवंडी परांची बांधतो, मग सोडतो. आधार द्यावयाचा तो काम सोपे करून नव्हे, तर अवघड काम पेलता यावे म्हणून. ऑस्ट्रेलियातील पॉलीन गिबन्स यांनी दुसऱ्या भाषेत शिकणाऱ्या मुलांसाठी हा विचार वर्गात उतरविला. त्यांच्या मांडणीत मूल प्रथम हाताने काम करीत गटात बोलते. मग वर्गासमोर तोंडी निवेदन करते आणि शिक्षक त्याच्या वाक्यांना शैक्षणिक शब्द पुरवितो. लेखन त्यानंतर येते. आपल्याकडील नेहमीचा क्रम याच्या नेमका उलटा आहे : व्याख्या फळ्यावर, ती वहीत, मग पाठांतर.

यवतमाळ परिसरात असा पाठ कापसावर बेतता येतो. मुले बोंड उकलून पाहतात, सरकी मोजतात, निरोगी व किडके बोंड शेजारी ठेवतात. या टप्प्यावर कोलामी, गोरमाटी, वऱ्हाडी सर्व चालते. ज्यास जे सुचेल ते त्याने म्हणावे. पुढे एक मुलगी सांगते, "याच्यात अळी घुसली, म्हणून सरकी पोकळ झाली." शिक्षक तिचे वाक्य खोडत नाही; "म्हणजे अळीमुळे सरकीचे नुकसान झाले" असे म्हणून दुसरे वाक्य पहिल्याशेजारी ठेवतो. तिसऱ्या टप्प्यावर वर्ग मिळून चार ओळींचा परिच्छेद फळ्यावर रचला जातो, तो कसा रचला याची चर्चा होते आणि मगच प्रत्येकजण स्वतंत्रपणे लिहितो. नमुना दाखविणे, मिळून लिहिणे, एकट्याने लिहिणे या क्रमास सिडनीतील भाषाभ्यासकांनी अध्यापनचक्र असे रूप दिले.

इंग्रजीतील लेखनास हीच पद्धत लागू होते, मात्र तेथे रचनेतील भेद उघड करून दाखवावे लागतात. मराठीत "पाऊस आला नाही म्हणून पीक गेले" असे कारण आधी येते. विद्यार्थी 'म्हणून' च्या जागी 'बिकॉज' ठेवतो आणि पीक गेल्यामुळे पाऊस आला नाही असा अर्थ तयार होतो. व्याकरण तपासणाऱ्यास ही लहान चूक वाटेल, विज्ञान तपासणाऱ्यास मुलाला काही कळले नाही असे वाटेल. प्रत्यक्षात मुलाला सर्व कळलेले असते. दोन्ही भाषांतील वाक्ये शेजारी मांडून बाण काढून दाखविले की हा घोटाळा एका तासात सुटण्यासारखा असतो. याशिवाय 'ए', 'ॲन', 'द' ही उपपदे मराठीत नाहीत, हेही लक्षात ठेवावे लागते.

प्रश्नपत्रिकेची भाषा हा स्वतंत्र पाठ मानला पाहिजे. 'कारणे द्या', 'फरक स्पष्ट करा', 'टिपा लिहा', 'सोदाहरण स्पष्ट करा' यांतील प्रत्येक सूचना वेगळ्या आकाराचे उत्तर मागते. इंग्रजीत 'डिफाइन', 'एक्सप्लेन', 'डिस्टिंग्विश' यांचेही तसेच. सुशिक्षित घरातील मूल हे संकेत न शिकविता उचलते. इतरांना ते कोणी सांगत नाही आणि त्यांच्या हाती अपेक्षित प्रश्नसंच येतो. प्रश्नसंचातील उत्तर पाठ करून उतरविणे म्हणजे लेखन नव्हे. निबंधाच्या बाबतीत तर ही सवय इतकी रुजली आहे की 'पावसाळ्यातील एक दिवस' या विषयावर कोरडवाहू गावातील चाळीस मुले एकाच धबधब्याचे वर्णन करतात.

कीटकनाशकाच्या माहितीपत्रकाचे उदाहरण

शैक्षणिक भाषा परीक्षेपुरती नसते, याचे यवतमाळइतके कटू उदाहरण दुसरे नसावे. २०१७ च्या खरीप हंगामात जिल्ह्यात कापसावर फवारणी करताना शेकडो शेतकरी व शेतमजुरांना विषबाधा झाली आणि किमान वीस जणांचा मृत्यू झाला. यामागे अनेक कारणे होती : औषधांची घातक मिश्रणे, संरक्षक साधनांचा अभाव, माणसाच्या उंचीएवढी वाढलेली पऱ्हाटी. ही सर्व हानी वाचता न आल्यामुळे झाली असे म्हणणे अन्यायाचे ठरेल. तथापि बाटलीवरील मजकूर कोणासाठी लिहिलेला असतो, हा प्रश्न तेव्हा पुढे आला.

कीटकनाशकांच्या वेष्टनावर विषारीपणाची पातळी रंगीत त्रिकोणाने दाखविणे नियमाने बंधनकारक आहे : लाल म्हणजे अत्यंत विषारी, त्याखाली पिवळा, निळा व हिरवा. सोबतचे माहितीपत्रक हिंदी, इंग्रजी व प्रादेशिक भाषांत असते. परंतु त्यातील 'अंतःप्रवाही', 'द्रावण', 'प्रतिविष', 'प्रति हेक्टर मात्रा' हे शब्द आणि कर्ता गाळून केलेली "संपर्क टाळावा", "सेवन झाल्यास उलटी करवू नये" अशी वाक्ये ही शाळेतीलच भाषा आहे. हेक्टरी मात्रेवरून एका पंपाचे प्रमाण काढणे हे सातवीचे गणित आहे. असे माहितीपत्रक आठवीच्या वर्गात पाठ म्हणून घेता येते : मुले ते वाचतात, न समजलेल्या शब्दांखाली रेघ ओढतात, घरच्या भाषेत त्याचा अर्थ सांगतात आणि मजुरी करणाऱ्या माणसास कळेल अशा पाच सूचना स्वतः लिहितात. अवघड मजकूर सोपा करून लिहिणे हे त्यातील सर्वांत कठीण, म्हणून सर्वांत उपयोगी काम होय.

कायदेशीर तरतुदी व प्रयोग

भाषिक अल्पसंख्याकांच्या मुलांना प्राथमिक टप्प्यावर मातृभाषेतून शिक्षणाच्या सोयी देण्याचा निर्देश राज्यघटनेच्या अनुच्छेद ३५० क मध्ये आहे. तो १९५६ च्या सातव्या घटनादुरुस्तीने समाविष्ट झाला. शिक्षण हक्क कायदा, २००९ च्या कलम २९ मध्ये शक्य तेथवर मातृभाषेचे माध्यम असावे असे म्हटले आहे. राष्ट्रीय शैक्षणिक धोरण २०२० मध्ये हीच भूमिका किमान पाचवीपर्यंत व शक्यतो आठवीपर्यंत घेतली आहे. 'शक्य तेथवर' या शब्दांच्या आडोशाने बराच काळ फारसे काही झालेले नाही.

सीमेपलीकडे मात्र प्रयोग झाला. अविभाजित आंध्र प्रदेशाने २००४ च्या सुमारास आठ भाषांतून बहुभाषिक शिक्षणाचा कार्यक्रम सुरू केला. त्यांत गोंडी, कोलामी व बंजारा या यवतमाळमध्येही बोलल्या जाणाऱ्या तिन्ही भाषा होत्या. पुस्तके तेलुगू लिपीत होती, त्यामुळे ती पैनगंगेच्या अलीकडे वापरता येण्यासारखी नव्हती. ओडिशातही २००७ च्या सुमारास आदिवासी भाषांतून असाच कार्यक्रम सुरू झाला. महाराष्ट्रात गडचिरोली जिल्ह्यातील मोहगाव येथे ग्रामसभेने २०१९ मध्ये गोंडी माध्यमाची शाळा काढली. तिला शासकीय मान्यतेचा प्रश्न भेडसावला. भारतीय भाषांच्या लोकसर्वेक्षणाच्या महाराष्ट्र खंडात राज्यातील बोलींची नोंद झाली आहे, परंतु वर्गात उपयोगी पडेल असे साहित्य त्यापुढची पायरी आहे.

टीका

कमिन्स यांच्या भेदावर आक्षेपही घेतले गेले. कॅरोल एडेल्स्की यांनी १९८० च्या दशकातच, ही कल्पना परीक्षेतील यशालाच भाषेचे मोजमाप ठरविते, अशी टीका केली. अलीकडे नेल्सन फ्लोरेस व जोनाथन रोझा यांनी २०१५ मध्ये असे मांडले की, वंचित समाजातील मूल 'योग्य' भाषा बोलले तरी ऐकणारा ती अपुरीच ठरवितो. म्हणून दोष मुलाच्या भाषेत न शोधता ऐकणाऱ्याच्या कानात शोधावा.

हा आक्षेप महाराष्ट्रास परका नाही. प्रमाण मराठी आणि बोली यांच्या वादात 'शुद्ध' व 'अशुद्ध' हे शब्द अनेक दशके जातीची व प्रदेशाची छाया घेऊन वावरले आहेत. 'भेटला' ऐवजी 'मिळाला' म्हण, असे वऱ्हाडातील मुलास बजावले जाते तेव्हा त्यास भाषेबरोबर स्वतःचीही लाज वाटू लागते. त्यावर काही अभ्यासकांनी दोन्ही भाषांचा मुक्त वापर करू देण्याचा मार्ग सुचविला आहे; वेल्समधील सेन विल्यम्स यांनी १९९० च्या दशकात वर्णिलेली व पुढे ओफेलिया गार्सिया यांनी विस्तारलेली ही पद्धत आहे. विरुद्ध बाजूने असे म्हटले जाते की, प्रमाणभाषा व इंग्रजी यांतूनच परीक्षा, नोकरी आणि न्यायालय यांचे व्यवहार चालतात, तोवर ती न शिकविणे हीसुद्धा वंचनाच आहे. बहुतेक शिक्षक प्रत्यक्षात मधली वाट काढतात : चर्चेत मुलाची भाषा, अंतिम लेखनात शाळेची. ही वाट काढण्यास शिक्षकास वेळ लागतो, आणि पहिली ते चौथीचे वर्ग एकत्र सांभाळणाऱ्या दोनशिक्षकी शाळेत नेमका तोच सर्वांत कमी असतो.